चित्रपटाच्या प्रसिद्धी साहित्याचे डिजिटल जतन (कोल्हापूर)

गाजलेल्या चित्रपटाची पोस्टर, हँडबिले, गाण्यांच्या पुस्तिका, वृत्तपत्रांतील जाहिराती आणि अलीकडची वेबपाने यांच्या प्रती नोंदीसह ऑनलाइन संग्रहात ठेवण्याचे काम. कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांच्या ‘कल्याण खजिना’चे (१९२४) पोस्टर भारतातील उपलब्ध सर्वांत जुने सचित्र पोस्टर मानले जाते. ‘प्रभात’ ही चित्रपट कंपनी १९२९ मध्ये इथे निघाली व १९३३ मध्ये पुण्याला गेली, त्यामुळे कंपनीच्या पत्त्यावरूनही कागदाचा काळ ठरवता येतो.

पोस्टरच्या कोऱ्या पट्टीवर थिएटरचे नाव किंवा ‘आठवडा ३ रा’ अशी चिठ्ठी चिकटवलेली असते. चित्र स्वच्छ दिसावे म्हणून ती सोलून काढणे ही सर्वांत मोठी चूक. चित्रपट या गावात कुठे, किती चालला याचा पुरावा तीच असते. मागची बाजूही टिपावी. तिथे वितरकाचा शिक्का सापडतो.

खळीने डकवलेल्या कागदाला कसर लागते, पावसाळ्यात बुरशी येते. म्हणून काम हिवाळ्यात उरकावे. घड्या टीपकागदात वजनाखाली सपाट कराव्यात. सेलोटेप आणि लॅमिनेशन कटाक्षाने टाळावे.

३० × ४० इंची पोस्टर २४ मेगापिक्सेल कॅमेऱ्याने एकाच फ्रेममध्ये घेतले, तर इंचाला जेमतेम १३३ बिंदू मिळतात. ३०० बिंदूंसाठी एकमेकींवर ३० टक्के चढणाऱ्या ९ फ्रेम घेऊन जोडाव्या लागतात. दोन्ही बाजूंनी ४५ अंशांत दिवे लावावेत, कडेला रंगपट्टी व मोजपट्टी ठेवावी. मूळ प्रत टिफ या तपशील न गमावणाऱ्या स्वरूपात (८ बिट रंगात सुमारे ३२४ एमबी), पाहण्याची जेपेगमध्ये. पुस्तिकांतल्या छायाचित्रांच्या छपाईच्या ठिपक्यांमुळे स्कॅनमध्ये जाळीदार लाटा उमटतात. ती पाने ६०० बिंदूंवर स्कॅन करून मग लहान करावीत. प्रत्येक फाइलचा चेकसम (फाइल बदलली वा बिघडली का हे दाखवणारा आकडा) काढून तीन प्रती ठेवाव्यात, त्यांतली एक पुराच्या पाण्यापासून दूर, दुसऱ्या गावी.

नोंदीत १९६२ पूर्वीचे ‘नाहीं’, ‘कांहीं’ हे लेखन जसेच्या तसे उतरवावे आणि शेजारी आजचे रूप द्यावे, नाहीतर शोधात ते पान येतच नाही. पोस्टरवर तारीख नसेल तर स्थानिक दैनिकातली जाहिरात गाठावी. अंदाजाचे साल ‘अंदाजे’ असेच लिहावे.

हक्कांबाबत १९५७ चा कॉपीराइट कायदा लागू होतो: हक्क चित्रकाराच्या निधनानंतर ६० वर्षे, निनावी कृतीला प्रकाशनापासून ६० वर्षे राहतो.

नव्या चित्रपटांचे साहित्य कागदापेक्षा लवकर जाते. फ्लॅशमध्ये केलेल्या जुन्या संकेतस्थळांचे हलते भाग २०२० नंतर ब्राउझरमध्ये उघडेनासे झाले, इन्स्टाग्रामची स्टोरी २४ तासांत दिसेनाशी होते. अशा पानांचा नुसता स्क्रीनशॉट पुरत नाही. दुवे व व्हिडिओंसह वॉर्क (WARC, वेबपाने जतन करण्याचे फाइल-स्वरूप) स्वरूपात प्रत प्रदर्शनाच्या आठवड्यातच घ्यावी.