वसंत देसाई यांची रागदारी चित्रपटगीते : पार्श्वभूमी

वसंत देसाई यांच्या ‘झनक झनक पायल बाजे’ (१९५५) आणि ‘गूंज उठी शहनाई’ (१९५९) या चित्रपटांतील संगीताची चर्चा करताना, त्याच दशकात आकाशवाणीवर चित्रपटगीतांची कोंडी झालेली होती, ही गोष्ट बहुधा मागे पडते. देसाई मूळचे सिंधुदुर्गातले. ‘प्रभात’ या चित्रसंस्थेत पडेल ते काम करीत ते शिकले आणि पुढे परळच्या ‘राजकमल’ स्टुडिओत संगीतकार म्हणून स्थिरावले.

१९५२ साली नभोवाणी खाते शास्त्रीय संगीताचे मराठीभाषक जाणकार बा. वि. केसकर यांच्याकडे आले. त्यांच्या कारकिर्दीत चित्रपटगीतांचा वेळ कापला गेला आणि गाणे लावताना चित्रपटाचे नाव सांगू नये, असे ठरले, कारण ते नाव म्हणजे फुकटची जाहिरात, अशी खात्याची भूमिका होती. यावर निर्मात्यांनी प्रसारणाची परवानगीच काढून घेतली. म्हणजे ज्याला आज सरसकट ‘बंदी’ म्हटले जाते, तिच्यात सरकारी कात्रीइतकाच निर्मात्यांचा हट्टही होता. श्रोत्यांना मात्र कोणाचा दोष किती याच्याशी देणेघेणे नव्हते; त्यांनी रेडिओ सिलोन लावले, जिथे त्याच डिसेंबरात ‘बिनाका गीतमाला’ हा चित्रपटगीतांचा कार्यक्रम सुरू झाला. त्याच वर्षी संगीताचा राष्ट्रीय कार्यक्रम सुरू होऊन गवयांना देशभरचा श्रोता मिळाला, हे श्रेय खात्याला द्यावेच लागेल. परंतु चित्रपटगीत वाढले की राग मरतो, हे गृहीतक मुळातच लंगडे होते.

त्याच १९५२ मध्ये रागदारी गीतांच्या ‘बैजू बावरा’ चित्रपटाने ते दाखवून दिलेच होते. देसाईंनी एक पाऊल पुढे टाकले. कथानायक नर्तक किंवा सनईवादक असल्यामुळे राग कथेतूनच येई, वरून चिकटवावा लागत नसे. अमीर खाँ यांनी अडाणा रागात गायलेले शीर्षकगीत, सामताप्रसादांचा तबला, पार्श्वसंगीतात तरुण शिवकुमार शर्मांचे तेव्हा जवळजवळ अपरिचित असलेले संतूर : हे सारे पहिल्या चित्रपटात, तिकीट काढून नृत्य पाहायला आलेल्या प्रेक्षकाच्या कानी पडले. दुसऱ्यात बिस्मिल्ला खाँ यांची सनई आणि अमीर खाँ यांची रागमाला होती. तरीही बिहाग रागातले ‘तेरे सुर और मेरे गीत’ गल्लीबोळांत गुणगुणले गेले, कारण मुखडा सोपा ठेवून रागाची चाल न मोडण्याचे कसब देसाईंना साधले होते. मराठीत ‘अमर भूपाळी’तील ‘घनश्याम सुंदरा’ने १९५१ मध्येच ते सिद्ध केले होते.

ऑक्टोबर १९५७ मध्ये चित्रपटगीते वाजवणारी विविध भारती सुरू करून खात्याने माघार घेतली, अर्थात तसे न म्हणता. पुढे १९७१ च्या ‘गुड्डी’साठी देसाईंनी मियाँमल्हारात ‘बोले रे पपीहरा’ बांधले. ते हिंदी चित्रपटात नव्याने आलेल्या वाणी जयराम यांच्याकडून गाऊन घेतले, आणि तेही सिनेमाने वेडावलेल्या शाळकरी मुलीच्या गोष्टीत.