कोड रिव्ह्यूची तयारी

कोड मेन ब्रँचला, म्हणजे टीमच्या मुख्य प्रतीला, मर्ज व्हायच्या (जोडला जायच्या) आधी टीममधला दुसरा कुणीतरी तो वाचतो, तो झाला कोड रिव्ह्यू, आणि वाचणाऱ्याचं काम सोपं व्हावं म्हणून लिहिणाऱ्यानं आधी जी मेहनत घ्यायची ती ही तयारी. माझ्या मते अर्धा रिव्ह्यू इथंच होतो. आयबीएमच्या मायकेल फेगन यांनी 1976 मध्ये कोड तपासायची रीतसर पद्धत मांडली, त्यात सगळे एकत्र बसून तपासायचे. 2005 ला कोडमधल्या बदलांची नोंद ठेवणारं गिट आलं, 2008 ला तो कोड ऑनलाइन ठेवायची साइट गिटहब, आणि हे काम पुल रिक्वेस्टवर, म्हणजे 'माझे बदल बघून जोडा' अशा ऑनलाइन विनंतीवर गेलं. सांगलीत घरून काम करणाऱ्याचा रिव्ह्यूअर पुण्यात नाहीतर बेंगळुरूत असतो, शेजारी बसून समजावता येत नाही, त्यामुळे जे काय सांगायचंय ते कोडनं आणि विनंतीसोबत लिहिलेल्या डिस्क्रिप्शननंच सांगायला पाहिजे.

सांगलीच्या हळदीच्या पट्टीचंच, म्हणजे विक्रीच्या हिशोबाच्या कागदाचंच बघा. भाव क्विंटलला असतो, काट्यावर वजन किलोत येतं. कोडमध्ये नुसतं 'व गुणिले भ भागिले 100' लिहिलं की वाचणारा अडकतो, हे 100 टक्केवारीचे का अजून कशाचे? तेच 'वजन_किलो', 'भाव_प्रति_क्विंटल' आणि 'क्विंटलचे_किलो' अशी नावं दिली की प्रश्नच येत नाही. सोबत टेस्ट (कोडचं उत्तर बरोबर येतं का ते तपासणारा छोटा कोड) जोडायची, 640 किलो, भाव 15,000, रक्कम 96,000, म्हणजे रिव्ह्यूअरला तोंडी पडताळता येतं. कमेंट मात्र 'इथं 100 नं भागलं' असली नको, ते दिसतंयच की, हमाली वजनावर न धरता पोत्यामागं का धरली ते लिहा, कारण ते कोडमधून कळत नाही.

पुल रिक्वेस्ट छोटी ठेवायची. गूगलच्या जाहीर गाईडमध्ये साधारण 100 ओळी ठीक आणि 1000 म्हणजे बहुतेक वेळा फारच मोठं असं म्हटलंय. नावं बदलणं, फॉरमॅटिंग हे वेगळ्या पुल रिक्वेस्टमध्ये टाका, नाहीतर हिशोबातली एक बदललेली ओळ त्या गर्दीत हरवते आणि नेमकी तीच चुकलेली असते. पाठवायच्या आधी स्वतःचा डिफ (बदललेल्या ओळींची यादी) वरपासून खालपर्यंत वाचायचा, डीबगिंगचे, म्हणजे चूक शोधताना तात्पुरते टाकलेले प्रिंट तिथंच सापडतात. डिस्क्रिप्शनमध्ये काय बदललं यापेक्षा का बदललं आणि कसं तपासलं ते महत्त्वाचं.

आणि रिव्ह्यूअरनं 'हे काय आहे?' विचारलं तर नुसता रिप्लाय देऊन थांबू नका, कोडच दुरुस्त करा, पुढच्या वर्षी ती फाईल उघडणाऱ्याला तो रिप्लाय दिसणार नाही.