शंभर खोडं, झाड एकच

सिडनीच्या पश्चिमेला बँक्सटाउन, फेअरफिल्ड अशी गजबजलेली उपनगरं आहेत. पुढे पॅरामॅटाच्या बाजूला भारतीयांची मोठी वस्ती आहे, त्यात मराठी घरंही आलीच. ऑगस्टमध्ये तिकडचा हिवाळा सरत आला की या भागातल्या रस्त्यांच्या कडेला, उरल्यासुरल्या रानाच्या तुकड्यांत एक झुडूप पिवळ्या गोंड्यांनी लगडतं. पानं चिंचेसारखी, पण त्याहून बारीक. कोवळ्या फांदीवरून बोट फिरवलं तर मऊ लव लागते. त्या लवेवरूनच त्याचं नाव पडलं, अकेशिया प्युबेसेन्स. रानातलं म्हणून ते जगात फक्त सिडनीच्या आसपास सापडतं. ऑस्ट्रेलियाच्या सरकारी यादीत त्याची नोंद 'असुरक्षित' अशी आहे.

ऑस्ट्रेलियात अकेशियाच्या सुमारे हजार जाती आहेत आणि त्यांना तिथे सर्रास 'वॅटल' म्हणतात. हा शब्द खरं तर कुडाचा. कोकणात कारवीच्या काठ्यांचा कूड उभारून वर शेणमातीचा गिलावा देतात, तशाच भिंती इंग्रज वसाहतवाल्यांनी सिडनीत उभारल्या, आणि ज्या झाडांच्या लवचीक फांद्या त्यासाठी कापल्या त्यांना कुडाचं नाव मिळालं. गंमत म्हणजे सिडनीतलं ते सुरुवातीचं 'काळं वॅटल' अकेशिया नव्हतंच, फुलं तेवढी तशीच गोंडेदार होती.

नावाचा विषय निघालाच आहे, तर आपल्या बाभळीचं दुखणंही सांगून टाकतो. 'अकेशिया' हे नाव मुळात बाभळीच्या गणगोताचं. पुढे अभ्यासातून कळलं की बाभूळ आणि ऑस्ट्रेलियातली वॅटल ही नाती वाटतात तितकी जवळची नाहीत, त्यांचे गट वेगळे करायला हवेत. मग जुनं नाव कुणाकडे ठेवायचं? २००५ साली व्हिएन्नाच्या वनस्पतिशास्त्र परिषदेत ते ऑस्ट्रेलियाच्या पदरात पडलं आणि २०११ मध्ये, चक्क मेलबर्नला, त्यावर शिक्कामोर्तब झालं. बाभूळ आता 'व्हॅचेलिया' झाली आहे. हजार जातींची नावं बदलण्यापेक्षा हे सोयीचं होतं हे मान्य, पण घर ज्याचं त्यालाच बाहेर काढल्यासारखं वाटतं खरं.

आपल्या झुडपाला मात्र एके काळी राजेशाही थाट लाभला होता. त्याचं पहिलं शास्त्रीय वर्णन १८०३ साली व्हाँतना या फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञानं केलं, ते नेपोलियनची पत्नी जोसेफीन हिच्या माल्मेझाँ इथल्या बागेतल्या झाडावरून. पॅरिसजवळ ज्याचं एवढं कौतुक झालं, त्याच्या मायभूमीवर त्याच सुमाराला नांगर फिरत होते.

यामागे मातीचं कारण आहे. सिडनीभोवती मुख्यतः दोन प्रकारची जमीन. एक वालुकाश्माची, खडकाळ आणि निकस. दुसरी शेल खडक झिजून बनलेली चिकणमाती, सपाट आणि त्या मानानं कसदार. १७८८ मध्ये वसाहत झाली ती समुद्रकाठी, पण तिथे पीक धड येईना म्हणून त्याच वर्षी माणसं आत पॅरामॅटाकडे सरकली. पुढे शेतं झाली, मग कुरणं, मग घरं. वालुकाश्माच्या डोंगरांत शेती परवडत नव्हती, म्हणून तिथली रानं वाचली आणि पुढे अभयारण्यं झाली. हे झुडूप वाढतं ते चिकणमातीवर, नदीच्या गाळावर किंवा शेल आणि वालुकाश्म जिथे एकमेकांत मिसळतात त्या पट्ट्यात. म्हणजे नेमकं तिथे, जिथे माणसालाही राहायचं होतं. सिडनीच्या पश्चिमेच्या या सपाट भागाला कंबरलँड मैदान म्हणतात. तिथलं मूळचं विरळ निलगिरी रान आज दहा टक्केही शिल्लक नाही.

मग ही झुडपं आता उरली किती? इथे मोजणाऱ्यांची पंचाईत होते. कढीपत्त्याच्या आसपास जशी मुळांतून नवी रोपं वर येतात, तसंच याचंही. एका झुडपाची मुळं आडवी पसरतात आणि ठिकठिकाणी धुमारे फेकतात. जमिनीवर शंभर खोडं दिसली तरी खाली ते एकच झाड असू शकतं, जनुकं अगदी तीच. त्यामुळे नोंदवहीत 'झाडं' न लिहिता 'खोडं' लिहिणंच शहाणपणाचं.

बियांचा मार्ग आहे, पण अडचणीचा. याला शेंगा कमीच धरतात. वॅटलच्या बीचं टरफल टणक असतं, पाणी आत शिरू देत नाही. बीच्या टोकाला तेलकट बोंडूक असतं, त्यासाठी मुंग्या ती वारुळात ओढून नेतात आणि बी आयतीच पुरली जाते. वर्षानुवर्षं ती तशीच पडून राहते. वणव्याची धग लागली की टरफल तडकतं आणि अंकुर फुटतो. रोपवाटिकेत म्हणूनच वॅटलच्या बियांवर उकळतं पाणी ओततात. पण वणवे फार लवकर लवकर आले तरी चालत नाही. मातीत पुन्हा पुरेसं बी साठायला दोन आगींमध्ये निदान पाच ते सात वर्षं जावी लागतात.

शहराच्या मधोमध आग लावणार कोण? शेजारी शाळा, पलीकडे लोहमार्ग. त्यामुळे बी मातीत झोपलेलीच राहते आणि रोपं क्वचितच दिसतात. याच भागात रूकवुडमध्ये एकोणिसाव्या शतकातली एक अवाढव्य दफनभूमी आहे. तिथे मूळ रानाचे तुकडे टिकून आहेत आणि त्यांत हे झुडूपही. रस्त्याकडेच्या झुडपांवर मात्र गवत कापणारं यंत्र फिरतं. खोड कापलं जातं, खालची मुळं शाबूत असली तर पुन्हा दोन-चार धुमारे येतात, आणि पुढच्या मोजणीत खोडांचा आकडा थोडा वाढलेला असतो.