देव आहे का? असेल बुवा!

एका प्रश्नावलीत एक आडवी रेघ आहे. डाव्या टोकाला 0, उजव्या टोकाला 10. वर प्रश्न छापलाय : देव आहे असं तुम्हाला कितपत वाटतं? दोन माणसं पाचवर खूण करतात. पहिल्याने पेन दोनदा उचललं आणि दोनदा खाली ठेवलं. आई आजारी असताना त्याने हात जोडले होते, ती गेल्यावर देवाशी कडाकडा भांडलाही होता. आजही रात्री झोप लागली नाही की हाच प्रश्न त्याच्या उशाशी येऊन बसतो. दुसऱ्याला फक्त फॉर्म भरून सुटायचं होतं. मधोमध खूण केली की कुणी पुढे काही विचारत नाही, एवढाच त्याचा हिशेब. संगणकात मात्र दोघांची नोंद एकच : 5.

कॅल्मन कॅप्लन या मानसशास्त्रज्ञाने 1972 साली या मधल्या आकड्यावरच बोट ठेवलं. मनात दोन्ही बाजूंची ओढाताण असणं आणि मनात काहीच नसणं, या दोन टोकाच्या गोष्टी आपली मोजपट्टी एकाच ठिकाणी नेऊन ठेवते, असं त्याचं म्हणणं होतं. त्याने सुचवलेला उपाय साधा होता : एका रेघेचे दोन तुकडे करा. बाजूने किती वाटतं ते वेगळं विचारा, विरुद्ध किती वाटतं ते वेगळं विचारा. मग आपला पहिला माणूस दोन्हीकडे मोठे आकडे देईल आणि दुसरा दोन्हीकडे शून्य. एकाच्या मनात रस्सीखेच चाललीय, दुसऱ्याच्या मैदानावर कुणी उतरलेलंच नाही.

हा लेख त्या दुसऱ्या माणसाबद्दल आहे.

त्याला नास्तिक म्हणता येत नाही, कारण नास्तिकाने निदान उत्तर दिलेलं असतं. तो अज्ञेयवादीही नाही. टॉमस हक्सली या इंग्रज जीवशास्त्रज्ञाने 1869 मध्ये अज्ञेयवादासाठीचा इंग्रजी शब्द घडवला, तो प्रश्न हातात घेऊन, उलटून-पालटून पाहून, पुरावा अपुरा आहे म्हणून खाली ठेवणाऱ्यांसाठी. आपल्या माणसाने प्रश्न हातातच घेतलेला नाही. त्याच्यासाठी इंग्रजीत अलीकडे 'ॲपथीइझम' असा जोडशब्द रूढ झालाय. ॲपथी म्हणजे अनास्था, अधिक थीइझम म्हणजे ईश्वरवाद. तो सर्वतोमुखी झाला तो अमेरिकी पत्रकार जोनाथन राउच यांच्या 2003 मधल्या एका लेखामुळे. आपल्याकडे त्याहून चांगला शब्द आधीच आहे : उदासीन. उद् अधिक आसीन, म्हणजे बाजूला, जरा वर जाऊन बसलेला. आणि गंमत अशी की गीतेच्या नवव्या अध्यायात हा शब्द खुद्द भगवंत स्वतःसाठी वापरतात. 'उदासीनवदासीनम्', या कर्मांपासून मी उदासीनासारखा अलिप्त बसलेला आहे. देवाने जगाबद्दल उदासीन असावं ही कल्पना ग्रीसमध्येही होती. तिथल्या एपिक्युरस या तत्त्वज्ञाचे देव होते, पण ते आपल्या सुखात मग्न होते आणि माणसांच्या भानगडीत पडत नव्हते. आता माणसांनी फिटंफाट केली, एवढंच.

उदासीनतेचं सर्वांत नेटकं वाक्य मात्र देनी दिदरो या फ्रेंच विचारवंताच्या नावावर आहे. 11 जून 1749 रोजी व्होल्तेअरला लिहिलेल्या पत्रात तो म्हणतो, की हेमलॉकला पार्सली समजण्याची चूक न करणं फार महत्त्वाचं आहे, देव मानणं किंवा न मानणं मुळीच नाही. दोन्ही वनस्पती गाजराच्या कुळातल्या, पानं दिसायला सारखी. पार्सली जेवणात घालायची, हेमलॉक जीव घेणारी. म्हणजे ज्या चुकीने माणूस मरतो ती चूक टाळा, बाकीचं बघू. वाक्य झकास आहे, पण लिहिणारा स्वतः उदासीन होता यावर माझा विश्वास बसत नाही. अशा विषयांवरच्या लेखनापायी पुढच्याच महिन्यात त्याची रवानगी व्हॅन्सेनच्या तुरुंगात झाली. खरा उदासीन माणूस तुरुंगात जाईल इतकं लिहीत बसत नाही.

याच्या उलट टोकाला ब्लेझ पास्कल. संभाव्यतेच्या गणिताचा पाया घालणाऱ्यांपैकी एक, आणि कडवा श्रद्धाळू. शंकेने तळमळणाऱ्या माणसाबद्दल त्याला करुणा वाटे, पण ज्याला या प्रश्नाची फिकीरच नाही त्याला पाहून त्याच्या अंगाचा तिळपापड होई. त्याची पैज प्रसिद्ध आहे : देव असेल तर मानण्यात अनंत फायदा, नसेल तर तोटा किरकोळ, तेव्हा मानलेलं बरं. पैज लावायचीच नाही असं म्हणता येणार नाही, तुम्ही नावेत बसून निघालेलाच आहात, असंही तो बजावतो. गणित म्हणून यात अनेकांनी अनेक चुका काढल्या. पण उदासीन माणसापुढे ही पैज गणिताआधीच कोसळते. तो विचारतो, कसली नाव?

आता खरा वैज्ञानिक प्रश्न. ही वृत्ती येते कुठून?

बराच काळ असं गृहीत धरलं जाई की विज्ञान वाढलं, माणसं तर्कशुद्ध विचार करू लागली, की श्रद्धा विरघळते. 2012 मध्ये 'सायन्स' या नियतकालिकात विल जर्वे आणि आरा नोरेन्झायन या मानसशास्त्रज्ञांचा एक शोधनिबंध आला. त्यातल्या एका प्रयोगात काही जणांना रोदाँचा 'विचारमग्न माणूस' हा पुतळा दाखवला होता, आणि तो पाहिलेल्यांनी देवावरचा विश्वास कमी असल्याचं सांगितलं. बातमी जगभर गाजली. 2017 मध्ये दुसऱ्या संशोधकांनी बरीच जास्त माणसं घेऊन तोच प्रयोग पुन्हा केला, तेव्हा परिणाम सापडला नाही. पुतळा पाहून श्रद्धा डळमळत असती तर संग्रहालयांच्या दारात धर्मगुरूंनी पहारे बसवले असते, हे तेव्हाच सुचायला हवं होतं. जर्वे यांनी स्वतःही तो निष्कर्ष टिकला नाही हे मोकळेपणी मान्य केलं. विज्ञानात हे दिसतं तितकं सोपं नसतं.

जर्वे आणि नोरेन्झायन यांनीच 2013 मध्ये अश्रद्धेच्या चार वाटा मांडल्या, आणि तो आराखडा मात्र उपयोगी ठरला. पहिली वाट अशी, की दुसऱ्याच्या मनात काय चाललंय हे ओळखण्याची शक्तीच कमी असेल, तर अदृश्य मनाची, म्हणजे देवाची, कल्पना करणं जड जातं. दुसरी वाट विचार करून पटत नाही म्हणून सोडणाऱ्यांची. उरलेल्या दोन वाटा आपल्या कामाच्या आहेत : एक सुरक्षिततेतून येणारी उदासीनता, आणि दुसरी म्हणजे आजूबाजूला कुणी मनापासून धर्म पाळताना न दिसल्याने विश्वास मुळात न रुजणं.

ही शेवटची वाट समजून घ्यायला ग्रीक पुराणकथांतला देवांचा राजा झ्यूस उपयोगी पडतो. विजा फेकणारा, रूप बदलणारा, रागीट, रंगेल झ्यूस कथानायक म्हणून कुणालाही भावेल. त्याच्या गोष्टी आज जगभरची मुलं आवडीने वाचतात. तरी त्या वाचून कुणी झ्यूसचा भक्त होत नाही. का? जर्वे आणि जोसेफ हेनरिक यांनी 2010 मध्ये या कोड्याला 'झ्यूस समस्या' असंच नाव दिलं. त्यांचं उत्तर असं, की माणूस नुसत्या गोष्टीने विश्वास ठेवत नाही. गोष्ट सांगणारा त्या गोष्टीपायी काय झळ सोसतो, हे तो पाहत असतो. आई उपाशी राहते, वडील अनवाणी चालतात, शेजारी कमाईचा हिस्सा देऊन टाकतात, हे ज्या मुलाने पाहिलं त्याला वाटतं, यात काहीतरी असणार. आपल्याकडे याला एक जुनी ओळ आहे : बोले तैसा चाले, त्याची वंदावी पाउले. झ्यूससाठी आज कुणी उपाशी राहत नाही.

म्हणून उदासीनता वाढायला देव नाकारणारे आईबाप लागत नाहीत. तोंडाने 'देव आहे हो' म्हणणारे आणि त्यापायी काहीच न करणारे आईबाप पुरतात. 2021 साली जर्वे आणि सहकाऱ्यांनी अमेरिकेतल्या चौदाशेहून जास्त लोकांच्या प्रातिनिधिक नमुन्यावर चारही वाटा एकदम तपासल्या, तेव्हा सर्वांत ठळक ठरली ती हीच : लहानपणी धर्म जगताना न दिसणं. तर्कबुद्धीचा वाटा होता, पण बेताचा.

ब्रिटनमध्ये डेव्हिड व्होआस आणि अलास्डेर क्रॉकेट यांनी 2005 मध्ये हाच प्रवास पिढ्यांच्या हिशेबाने मांडला. आई-वडील दोघेही धार्मिक असले तर मूल धार्मिक होण्याची शक्यता साधारण निम्मी. दोघांपैकी एकच असेल तर तिच्याही निम्मी. दोघेही नसतील तर मूलही जवळजवळ नक्कीच नाही. त्यांनी किरणोत्सारी पदार्थांची उपमा वापरून म्हटलं, की ब्रिटनमधल्या संस्थात्मक धर्माचा अर्धायुकाल एक पिढी आहे, म्हणजे दर पिढीला तो निम्मा होतो. मला ही उपमा फार आवडते, कारण किरणोत्सारी अणू वादविवादात हरून फुटत नाही. कुणी त्याला पटवून दिलेलं नसतं.

आता सुरक्षितता. पिप्पा नॉरिस आणि रोनाल्ड इंगलहार्ट यांनी 2004 मध्ये अनेक देशांची आकडेवारी पाहून म्हटलं, की जिथे उद्याच्या भाकरीची, आजारपणाची, म्हातारपणाची धास्ती कमी, तिथे धर्माची पकड सैल होत जाते. डेन्मार्क आणि स्वीडन ही नेहमीची उदाहरणं. समाजशास्त्रज्ञ फिल झुकरमन यांनी 2005-06 मध्ये तिथे राहून सुमारे दीडशे जणांच्या दीर्घ मुलाखती घेतल्या. त्यांची अडचण वेगळीच झाली. देवाबद्दल विचारलं की कितीतरी लोकांकडे सांगण्यासारखं काही नसे. विरोध नव्हता, दुखावलेपण नव्हतं, विषयच नव्हता. आणि तरी डेन्मार्कमध्ये 2020 च्या सुमारासही जवळपास तीन-चतुर्थांश लोक राष्ट्रीय चर्चचे सभासद होते, त्याचा करही भरत होते. बाहेर पडायचं तर मुद्दाम उठून अर्ज करावा लागतो ना!

धास्ती परत आली तर देव परत येतो का? थोडासा, हो. न्यूझीलंडमध्ये 2009 पासून त्याच त्या माणसांना ठरावीक काळाने प्रश्न विचारणारी एक पाहणी चालू आहे. मध्येच, 22 फेब्रुवारी 2011 रोजी क्राइस्टचर्चला भूकंप झाला आणि 185 माणसं गेली. असा प्रयोग कुणी ठरवून करू शकत नाही, पण संशोधकांच्या हाती आधीचे आणि नंतरचे आकडे आयते आले. बाकी देशात धार्मिकता घसरतच होती, भूकंपाची झळ बसलेल्यांत मात्र ती किंचित वाढली. मोजक्या टक्क्यांचा फरक, लाट नव्हे. मार्च 2020 मध्ये महासाथ पसरली तेव्हा गूगलवर प्रार्थनेचा शोध जगभर एकाएकी उसळला, हे कोपनहेगनच्या अर्थतज्ज्ञ जिनेट बेंटझेन यांनी दाखवून दिलं.

पण इथे एक गोष्ट निसटते असं मला वाटतं. रात्री दोन वाजता 'प्रार्थना' असं टाइप करणारा माणूस देव आहे की नाही याचा निकाल लावत नसतो. त्याला आधार हवा असतो. बुडता माणूस काडी धरताना ती काडी आहे का, याची चर्चा करत नाही. म्हणजे देव असण्या-नसण्याच्या प्रश्नाला उदासीन माणूस जितका बगल देतो तितकीच हात जोडणारा माणूसही देतो, फक्त दुसऱ्या बाजूने. तो प्रश्न धरून बसतात ते थोडेच : तत्त्वज्ञ, धर्मोपदेशक, कडवे नास्तिक, आणि प्रश्नावली तयार करणारे.

त्या शेवटच्या मंडळींची पंचाईत खरी आहे. 1978 मध्ये जॉर्ज बिशप आणि सहकाऱ्यांनी अमेरिकेतल्या सिनसिनाटी शहरात लोकांना '1975 चा पब्लिक अफेअर्स ॲक्ट' रद्द करावा का, असं विचारलं. साधारण एक-तृतीयांश लोकांनी मत दिलं. असा कायदाच नव्हता. न अस्तित्वात असलेल्या कायद्यावर माणूस मत देतो, तर देवावर देणारच. विचारणं हेच मत निर्माण करणं असतं, आणि उदासीनता तर विचारल्याबरोबर बिघडणारी चीज आहे.

शब्दरचनेने तर आणखी घोटाळा होतो. 2011 मध्ये इंग्लंड आणि वेल्समधल्या एका पाहणीत 'तुमचा धर्म कोणता?' असं विचारल्यावर 61 टक्के लोकांनी कुठला ना कुठला धर्म सांगितला. त्याच लोकांना 'तुम्ही धार्मिक आहात का?' असं विचारलं, तर 65 टक्के 'नाही' म्हणाले. अमेरिकेत प्यू संशोधन केंद्राच्या 2023 मधल्या आकड्यांनुसार 28 टक्के प्रौढ कोणत्याच धर्माचे नाहीत. पण त्यांतले 17 टक्के स्वतःला नास्तिक म्हणतात, 20 टक्के अज्ञेयवादी, आणि उरलेले 63 टक्के 'विशेष काही नाही'. या 63 टक्क्यांत उदासीन किती, हे त्या उत्तरावरून ओळखता येत नाही, कारण त्यांत कुठल्यातरी अदृश्य शक्तीवर मनापासून विश्वास ठेवणारेही पुष्कळ आहेत.

सगळ्यांत जवळचा पुरावा कदाचित चेक प्रजासत्ताकाच्या 2011 च्या जनगणनेत सापडेल. धर्माचा प्रश्न तिथे ऐच्छिक होता, आणि जवळपास 45 टक्के लोकांनी तो रकाना रिकामा ठेवला. 'धर्म नाही' असं लिहिणाऱ्यांपेक्षा हे लोक जास्त होते. अर्थात त्यांतल्या कुणाला हा सरकारचा विषय वाटला नसेल, कुणी घाईत असेल, कुणाला जुन्या कम्युनिस्ट राजवटीची धास्ती अजून असेल. रिकामा रकाना कारण सांगत नाही. त्याच जनगणनेत 15,000 हून जास्त लोकांनी धर्म म्हणून 'जेडाय' लिहिलं, म्हणजे 'स्टार वॉर्स' चित्रपटांतला योद्ध्यांचा पंथ. त्यांनी निदान पेन तरी उचललं.