ग्रँट डफचा इतिहास आणि ‘जाळलेले’ कागद : पार्श्वभूमी

जुलै २०२४ मध्ये लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयातली वाघनखे तीन वर्षांसाठी महाराष्ट्रात, प्रथम साताऱ्यात, आली आणि कॅप्टन जेम्स ग्रँट डफ हे नाव पुन्हा सगळ्यांच्या तोंडी झाले. ती वाघनखे साताऱ्याचा रेसिडेंट (दरबारातला इंग्रजांचा प्रतिनिधी) असताना ग्रँट डफला पेशव्यांच्या प्रधानाने दिली, असे सोबतच्या पेटीवर लिहिले आहे. ती शिवाजी महाराजांचीच, असे खात्रीने सांगता येत नाही, हे संग्रहालयानेच स्पष्ट केले होते. वाद मात्र तेवढ्याचाच झाला. या माणसाने मागे ठेवलेली मोठी गोष्ट वेगळीच आहे : १८२६ साली लंडनमध्ये तीन खंडांत निघालेला मराठ्यांचा इतिहास.

१८१८ मध्ये पेशवाई बुडाली. ईस्ट इंडिया कंपनीने प्रतापसिंह महाराजांना साताऱ्याच्या गादीवर बसवले आणि अठ्ठाविशीतल्या या स्कॉटिश अधिकाऱ्याला त्यांच्यावर देखरेखीला ठेवले. राज्य नुकतेच गेलेले, कारभारी हयात, दफ्तरे जागच्या जागी. महाराजांकडचे कागद, पुण्याचे पेशवे दफ्तर, सरदार घराण्यांच्या बखरी, सुरत-मुंबईच्या वखारींची नोंदबुके, गोव्याच्या पोर्तुगीज सरकारकडची माहिती हे सगळे एकाच माणसाला पाहायला मिळाले. इतके भाग्य पुढे कोणत्याही अभ्यासकाच्या वाट्याला आले नाही. प्रकृती ढासळल्यावर तो मायदेशी परतला आणि तिथे त्याने ग्रंथ पुरा केला. तीन-चार वर्षांतच तो मराठीत आला, शाळांतून शिकवला गेला, आणि कित्येक मराठी मुलांनी आपल्या आजोबा-पणजोबांची हकीकत पहिल्यांदा वाचली ती त्याच्या नजरेने.

या नजरेत मोहिमा, तह, कारस्थाने भरपूर आहेत. सुरुवातीला जाती, गावगाडा, वतने यांची माहितीही आहे. पण मराठ्यांचा उदय त्याला सह्याद्रीच्या रानात वाळल्या गवताला लागलेल्या वणव्यासारखा वाटला. वणवा म्हटले की तो कुणी पेटवला, का पेटवला, हा प्रश्नच उरत नाही. मुंबई उच्च न्यायालयाच्या एका न्यायमूर्तींनी १९०० साली नेमके यावरच बोट ठेवले. त्यांनी संतांची शिकवण, भाषा, गावाची घडण यांत राज्याची मुळे दाखवली. राजकीय इतिहासाला सांस्कृतिक इतिहासाने दिलेले ते उत्तर होते, आणि ते आजही खणखणीत आहे.

त्याआधी, १८६७ साली, पुण्यातल्या एका कॉलेज विद्यार्थ्याने ग्रँट डफच्या ग्रंथावर जाहीर टीकानिबंध वाचला होता. कागदांचा वाद तिथून मोठा झाला. आपण वापरलेल्या बखरींच्या नकला मुंबईतल्या एका विद्वत्सभेकडे ठेवल्या आहेत, असे ग्रँट डफने तळटीपांत लिहिले होते. शोध घेतला तेव्हा त्या मिळेनात. मग त्याने कागद जाळले, ही गोष्ट घरोघरी गेली. आजही व्याख्यानांत ती ठासून सांगितली जाते.

हा आरोप आता सोडून द्यायला हवा. नकला हरवणे आणि अस्सल कागद मुद्दाम जाळणे यांत फार अंतर आहे. पुरावा आहे तो हरवण्याचा. जो मनुष्य पानापानाला कोणता कागद कुणाकडून मिळाला हे लिहून ठेवतो, तो त्याच कागदांना काडी लावील हे पटत नाही. शिवाय या गोष्टीने दुसरा, खरा अन्याय झाकला गेला. पेशवे दफ्तर सरकारच्या ताब्यात पुण्यातच होते आणि आपल्याच अभ्यासकांना ते पिढ्यान्‌पिढ्या मोकळेपणाने पाहता आले नाही. इनामांच्या चौकशीसाठी त्यातले कागद उपसले जात होते. इतिहासासाठी मात्र दार बंद. जाळपोळीच्या कथेत दोष एका मेलेल्या कॅप्टनवर ढकलून मोकळे होता येते. बंद दाराचा दोष सरकारी धोरणाचा होता, आणि त्याबद्दल आपण फारच कमी बोललो.

दार बंद म्हणून माणसे जुने कागद शोधायला वाड्यांच्या माळ्यांवर चढली. १८९८ साली मराठ्यांच्या इतिहासाच्या साधनांचा पहिला खंड निघाला, १७५० ते १७६१ या काळातल्या पत्रांचा, म्हणजे थेट पानिपतापर्यंतचा. त्याचे संपादक दप्तरांसाठी पायी गावे पालथी घालत. पुढे एकूण बावीस खंड झाले. १९१० मध्ये पुण्यात संशोधकांची स्वतंत्र संस्था उभी राहिली. १९२१ मध्ये ग्रँट डफच्या ग्रंथाची टीपांसह नवी आवृत्ती आली, पण तोवर त्यातल्या तारखा आणि हकिकती अस्सल पत्रांशी ताडून पाहणारी पिढी इथे तयार झाली होती. पेशवे दफ्तरातले निवडक कागद ४५ खंडांत छापले गेले ते १९३० पासून, म्हणजे ग्रँट डफने ते हाताळल्यावर शंभराहून अधिक वर्षांनी.

छापलेला भाग एकूण दफ्तराच्या मानाने अगदी थोडा आहे. बाकीचे रुमाल, म्हणजे कापडात बांधलेले कागदांचे गठ्ठे, जुन्या मोडी लिपीत आहेत आणि मोडी सराईतपणे वाचणारी माणसे कमी आहेत. वाघनखांच्या प्रदर्शनाला लागली तशी रांग मोडीच्या वर्गांना लागावी, असे मनापासून वाटते.