शेषविद्या: बाकी उरलेल्या काळाचा हिशोब

क्षेत्र महाबळेश्वरच्या पंचगंगा मंदिरात कृष्णा, वेण्णा, कोयना, गायत्री आणि सावित्री या पाच नद्यांचं पाणी बारमाही वाहतं. भागीरथी 12 वर्षांतून एकदा आणि सरस्वती 60 वर्षांतून एकदाच प्रकटते, अशी श्रद्धा आहे. लहानपणी साताऱ्याहून आजीबरोबर तिथं गेले होते. सरस्वतीच्या कोरड्या जागेकडे बघत मी तिला विचारलं, मधली वर्षं ही नदी राहते कुठं? आजी म्हणाली, "हिशोबात." माझ्या कथांमधली शेषविद्या, म्हणजे गणिताने काळ हलवण्याची जादू, त्या एका शब्दातून निघाली. जादू कल्पित आहे. तिच्याखालचं गणित मात्र खरं आहे आणि ते आपल्याच पंचांगात आहे, म्हणून हे टिपण.

12 आणि 60 हे आकडे गुरूचे. राशिचक्रातली त्याची फेरी 11.86 वर्षांची, ढोबळमानाने 12. तो कन्या राशीत आला की कृष्णाकाठी कन्यागताचा सोहळा होतो. अशा पाच फेऱ्यांची 60 संवत्सरं होतात, प्रभवपासून क्षयपर्यंत. मेख पुढं आहे. मध्यम गतीने एक रास ओलांडायला गुरूला साधारण 361 दिवस लागतात आणि सौर वर्ष असतं 365 दिवसांचं. दरसाल चार दिवसांहून थोडा जास्त फरक साठतो आणि सुमारे 85 वर्षांत तो अख्ख्या संवत्सराएवढा होतो. उत्तरेच्या पद्धतीत अशा वेळी एक संवत्सर गाळतात. दख्खनेत ती रीत फार पूर्वीच सुटली, आपण एकामागून एक नावं घेत राहिलो. म्हणून एकाच वर्षाला काशीत एक नाव आणि साताऱ्यात दुसरं. गुरूशी असलेला तो फरक आपण कधी मिटवलाच नाही. शेषविद्येत हा थकलेला फरक सह्याद्रीच्या पोटात साठून असतो, आणि जादूचं सारं भांडवल तेच.

ते भांडवल काढायची किल्ली म्हणजे कुट्टक. ही रीत इ.स. 499 च्या सुमाराची, आर्यभटाची. भागाकाराची बाकी ठाऊक असताना मूळ संख्या शोधायची, त्यासाठी मोठे आकडे कुटत कुटत लहान करायचे. कलियुगाच्या आरंभापासून, म्हणजे इ.स.पू. 3102 पासून, गेलेल्या दिवसांची संख्या हा अहर्गण. ग्रहाच्या स्थितीवरून तो उलटा काढायला कुट्टक उपयोगी पडे. एक सोपं उदाहरण घेऊ. कोणत्या संख्येला 7 ने भागलं तर 3 उरतात आणि 60 ने भागलं तर 5? उत्तर 185. पण 605 सुद्धा चालते आणि 1025 सुद्धा. दर 420 नंतर त्याच बाक्या परत येतात.

हे पहिल्यांदा कागदावर सोडवलं त्या रात्री मला झोप लागली नाही. विद्येचा मुख्य नियम तिथंच मिळाला होता: ज्या दोन क्षणांच्या सगळ्या बाक्या सारख्या, ते क्षण शेजारी. वार, तिथी, नक्षत्र, संवत्सर जुळलं की मध्ये शतकं असोत, भिंत एकच. गणक, म्हणजे ही विद्या जाणणारा, ती भिंत उघडतो. त्याची बाकी चुकली तर तो क्षयतिथीत पडतो, म्हणजे जिच्या वाट्याला एकही सूर्योदय आलेला नाही अशा तिथीत. तिथं सूर्य उगवत नाही.

भिंत उघडी राहते एक घटिका, 24 मिनिटं. बुडाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी पाण्यात सोडायची. ती भरून बुडाली की घटिका भरली. पूर्वी लग्नाचे मुहूर्त याच घटिकापात्रावर धरत. भास्कराचार्यांच्या लेकीच्या, लीलावतीच्या लग्नात एक मोती त्या भोकात अडकला आणि मुहूर्त टळून गेला, ही दंतकथा सगळ्यांना माहीत आहे. ती भास्कराचार्यांच्या मूळ 'लीलावती' ग्रंथात नाही, अकबराच्या दरबारातला कवी फैजी याच्या 1587 च्या फार्सी भाषांतरातून पसरली. लोक त्यात बापाचं दुःख बघतात. मला त्यात काळ थांबवणारा मोती दिसला. शेषविद्येत गणक मोती लावून भिंत उघडी ठेवू शकतो, पण तेवढी पळं त्याच्या स्वतःच्या आयुष्यातून वजा होतात.

भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापल्याचा 1207 चा शिलालेख पाटणचा. आपल्याकडच्या माणसाला लगेच कोयनेकाठचं पाटण आठवतं. तो लेख चाळीसगावजवळच्या पाटणचा आहे आणि मोह होऊनही मी तो साताऱ्यात ओढून आणलेला नाही.

सांगलीला मात्र तिच्या हक्काची जागा आहे. गणेश दैवज्ञांनी 1520 मध्ये 'ग्रहलाघव' रचला. 11 वर्षांचं म्हणजे 4016 दिवसांचं चक्र धरून त्यांनी आकडे लहान केले, आणि ग्रहगणित गावोगावच्या जोशांच्या हाती आलं. शतकं गेली तशी त्यातली सूक्ष्म चूक वाढत गेली. केरूनाना छत्र्यांनी 1860 मध्ये ग्रहसाधनाची नवी कोष्टकं दिली. त्यांचेच विद्यार्थी लोकमान्य टिळक पंचांगशुद्धीच्या वादात उतरले. 1920 मध्ये सांगलीत भरलेल्या ज्योतिष परिषदेत हाच विषय होता. राशिचक्राचा आरंभ रेवतीपाशी धरायचा की चित्रेवरून ठरवायचा, यात सुमारे चार अंशांचा फरक पडतो. त्यामुळे कधीकधी एका पंचांगात अधिक असलेला महिना दुसऱ्यात अधिक नसतो. माझ्या कथेत सांगलीच्या एकाच वाड्यात दोन सख्खे भाऊ दोन पंचांगं पाळतात. एकाच्या खोलीत अधिक महिना चालू असतो, दुसऱ्याच्या खोलीत नसतो, आणि मधल्या सोप्यात उभी असलेली आई दोघांनाही दिसेनाशी होते. हा प्रसंग लिहायला मला सगळ्यात जड गेला.

शेवटचा भाग क्षयमासाचा, म्हणजे पंचांगातून गळणाऱ्या चांद्र महिन्याचा. भास्कराचार्यांनी त्याचं अंतर 141 वर्षं, आणि कधी 19 वर्षं, असं दिलं आहे. तो 1822-23 मध्ये आला, मग 141 वर्षांनी 1963-64 मध्ये आणि 19 वर्षांनी 1982-83 मध्ये. पुढचा 2123-24 मध्ये येईल. त्या वर्षी कृष्णा-वेण्णेच्या संगमावर, माहुलीच्या घाटावर एक मुलगी पणजीच्या वहीतल्या बाक्या तपासत बसली आहे. घटिकापात्र पाण्यात सोडलेलं आहे आणि मोती अजून तिच्या मुठीत आहे.