अभ्यास गल्ली (वरळी)

वरळीतील पोदार रुग्णालयाजवळच्या सुदाम काळू अहिरे मार्गाचे रूढ नाव. वर्गखोली नाही, प्राध्यापक नाही, हजेरी नाही. तरी कित्येकांनी मुंबई विद्यापीठाची पदवी खऱ्या अर्थाने इथल्या पदपथावर मिळवली. झाडी, कमी वर्दळ आणि रस्त्याचे दिवे हेच गल्लीचे भांडवल.

तिचे मूळ जवळच्या बीडीडी चाळींत आहे. बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंटने १९२० च्या दशकात या चाळी उभारल्या. तळमजल्यावर तीन मजले, एका चाळीत ८० खोल्या आणि खोली जेमतेम १६० चौरस फुटांची. तेवढ्यात आईबाप, भावंडे, गावाहून नोकरीसाठी आलेला मामा, वर टीव्ही आणि कुकर. मग जेवणे उरकली की पोरे सतरंजी, पाण्याची बाटली आणि झेरॉक्सच्या नोट्स घेऊन खाली उतरत. दिव्याखालची जागा लवकर येणाऱ्याची. काही जण बसून गणिते सोडवतात, पाठांतरवाले येरझारा घालतात. ओठ हलतात, आवाज येत नाही. कुणी फोनवर मोठ्याने बोलू लागला, तर शेजारचा वहीतून नुसती मान वर करतो. तेवढे पुरते. मार्चच्या आसपास सतरंजी टाकायला जागा शोधावी लागते.

या अभ्यासाला निकड आली ती गिरण्यांमुळे. एके काळी बाप गिरणीत साच्यावर (मागावर) असला की मुलालाही 'बदली'वर, म्हणजे गैरहजर कामगाराच्या जागी, चिकटवता येई. नापास झाला तरी पोटाची सोय असे. १८ जानेवारी १९८२ ला सुरू झालेल्या संपानंतर ती वाट बुजत गेली आणि बँक, रेल्वे, एमपीएससी हीच नवी खाती ठरली. याच चाळींनी जानेवारी १९७४ मध्ये दलित-सवर्ण दंगलही पाहिली होती. दिव्याखाली मात्र जो तो आपापल्या पुस्तकात.

अलीकडे महापालिकेने गल्लीत बाके, दिवे आणि भित्तिचित्रे आणली. बाके उपयोगी आहेत. चित्रांकडे पाहायला परीक्षार्थींना फारशी सवड नसते. चाळींचा पुनर्विकास म्हाडाकडे असून रहिवाशांना ५०० चौरस फुटांची घरे मिळायची आहेत. वरळीतल्या पहिल्या ५५६ घरांच्या किल्ल्या ऑगस्ट २०२५ मध्ये माटुंग्यात वाटल्या गेल्या. त्या घरांत दोन बेडरूम आहेत, आणि दार लावून घेता येते.